सकाळी दहाचा ताप

किमोच्या वॉर्डात माणसं एकमेकांना आधी गाव विचारतात, मग कितवी किमो ते विचारतात, आणि दोन-चार दिवसांची ओळख झाली की हळूच विचारतात, तुम्ही थर्मामीटर कोणतं घेतलं? मला पहिल्यांदा कोणी हे विचारलं तेव्हा मी हसलो होतो. म्हटलं, मोबाइल आहे का तो, कोणता घेतला ते सांगायला? आज कोणी विचारलं तर मी त्याला जवळ बसवून तासभर सांगेन. तेवढा तास सगळ्यांना मिळत नाही, म्हणून लिहून ठेवतो आहे.

मी मलकापूरचा. हट्टी माणूस आहे, हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढचं वाचताना नवल वाटणार नाही. बोलणं माझं वऱ्हाडी. लिहिताना शाळेत शिकवलं तसं लिहायचा प्रयत्न केला आहे, कुठं घसरलो तर सांभाळून घ्या.

माझा हात

तीस वर्षं मी एका जिनिंगमध्ये, म्हणजे कापसातली सरकी काढायच्या कारखान्यात, कापूस पाहायचं काम करतो. कापसाची गाडी आली की ढिगात कोपरापर्यंत हात घालायचा आणि आत ओल किती ते सांगायचं. वरचा कापूस सगळ्यांचाच कोरडा असतो, उन्हानं वाळलेला. खरी गोष्ट आत असते. आता ओल मोजायचं यंत्र आलं आहे, पण यंत्राचा आकडा आणि माझा हात यांचं जुळलं नाही तर आमचे शेठ म्हणतात, हाताचं धरा. याचा मला फार म्हणजे फार गर्व होता.

घरातही तेच. कोणाचं अंग गरम लागलं की मी कपाळाला हात लावायचो आणि आकडा सांगायचो. एकशे एक, एकशे दोन. पोरगी लहान असताना डॉक्टरकडे नेली की तिथंही तेवढाच निघायचा, निदान मला तरी तसंच आठवतं. त्यामुळे मी पन्नाशीला आलो तरी आमच्या घरात थर्मामीटर ही वस्तू नव्हती.

एक महिना

थंडी ओसरता ओसरता मला रोज संध्याकाळी ताप यायला लागला. सकाळी उतरायचा, घामानं बनियन पिळून काढावं इतकं ओलं व्हायचं. मी म्हटलं टायफाइड. गावातल्या डॉक्टरांनीही आधी तेच म्हटलं. सलाइन झाली, गोळ्या झाल्या. डॉक्टर विचारायचे की ताप किती असतो, किती वाजता चढतो, लिहून ठेवला आहे का. मी सांगायचो, शंभरच्या आसपास असते जी. म्हणजे हातानं पाहून. माझी बायको सुनंदा म्हणाली, आपण एक थर्मामीटर आणू. मी म्हटलं, मी आहे ना. असा महिना गेला, आणि मग एक दिवस दाढी करताना मानेत गाठ लागली.

अकोल्याला गाठीचा तुकडा काढून तपासायला दिला. रिपोर्ट घ्यायला आम्ही तिघं गेलो होतो, मी, सुनंदा आणि आमची पोरगी वैशू. वैशू कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला आहे. डॉक्टर मॅडम वयानं लहानच होत्या, पण त्यांनी गोल गोल सांगितलं नाही. म्हणाल्या, लिम्फोमा आहे, म्हणजे कॅन्सरच, पण औषधाला दाद देणारा आहे. ते शेवटचं मला ऐकूच आलं नाही. मी म्हणालो, 'पण मॅडम, आज तर मले ताप नाही.'

इतकं येड्यासारखं बोलणं माझ्या तोंडून दुसऱ्या कोणत्याच दिवशी निघालं नसेल. वैशू भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहत राहिली. सुनंदानं एकच विचारलं, यांना खायला काय द्यायचं. बाहेर आल्यावर आम्ही रसवंतीवर उसाचा रस प्यायलो. रस चांगला गोड होता, आणि तो गोड लागला याचीच मला लाज वाटली.

लाल पेनाचा कागद

पहिल्या किमोनंतर घरी सोडताना मॅडमनी एका कागदावर लाल पेनानं लिहून दिलं. ताप १००.४ किंवा त्यापेक्षा जास्त आला तर लगेच दवाखान्यात, वाट पाहायची नाही. किमोनंतर आठवडाभरानं अंगातली जंतूंशी लढायची ताकद पार खाली जाते, आणि त्या दिवसांत साधा जंतूही माणसाला संपवू शकतो. कधी कधी ताप सोडून दुसरी खूणच दिसत नाही. म्हणून आधी मोजायचा, आपल्या मनानं गोळी घेऊन दाबायचा नाही. चांगलं थर्मामीटर घ्या, असं त्यांनी दोनदा सांगितलं.

सुनंदा त्याच संध्याकाळी रफिकभाईंच्या मेडिकलवर गेली. भल्या माणसानं तिला स्टुलावर बसवून सगळं समजावलं. पाऱ्याचं नको, फुटलं तर पारा घरभर सांडते, हे डिजिटल घ्या. काख आधी कोरडी पुसायची. टोक काखेच्या अगदी मधोमध खोल ठेवायचं, कपडा मध्ये येऊ द्यायचा नाही, हात अंगाला घट्ट दाबून धरायचा आणि आवाज होईपर्यंत हलायचं नाही. तोंडात लावायचं असेल तर जिभेखाली, आणि चहा किंवा गार पाणी घेतल्यावर अर्धा तास तरी थांबून. काखेत आकडा थोडा कमीच येतो, म्हणून डॉक्टरला सांगताना काखेतला की तोंडातला तेही सांगायचं, आपल्या मनानं मिळवायचं नाही नि वजाही करायचं नाही. सुनंदानं घरी येऊन हे सगळं लाल पेनाच्या कागदामागं लिहून काढलं.

मी काय केलं? जिनिंगमधून बंदूक आणली. कोरोनात गेटवर कपाळाला लावायची ती. ऑफिसच्या कपाटात पडून होती, शेठ म्हणाले घेऊन जा. ती बंदूक कशी चालायची हे मला चांगलं माहीत होतं. उन्हातून आलेल्या माणसाला कधी एकशे तीन दाखवायची, सावलीत दोन मिनिटं थांबला की पंच्याण्णव. शेवटी चौकीदार न पाहताच सगळ्यांच्या नावापुढं सत्त्याण्णव लिहायचा आणि आम्ही हसायचो. बंदुकीचा दोष नव्हता, तिला सावलीत, कोरड्या कपाळावर, अंतर ठेवून धरावं लागतं, ते कोण करत होतं? पण मला ती आवडली. काखेत थर्मामीटर धरून बसलं की आपण बिमार आहोत असं वाटायचं. बंदूक टक् करायची आणि सुटका व्हायची.

बटणं

वॉर्डातले दिवस सारखेच. सकाळी सिस्टर ताप, बीपी बघायची, मग सलाइनची सुई, मग दुपारपर्यंत छताकडे पाहायचं. माझ्या शेजारच्या खाटेवर जळगाव जामोदकडचे एक आजोबा होते. सिस्टर यायच्या आधी ते गटागटा बर्फाचं पाणी प्यायचे, म्हणजे तोंडातला ताप कमी येईल आणि घरी सोडतील. एकदा सिस्टरनं पकडलं. रागावली नाही. खाटेवर बसून म्हणाली, बाबा, मला फसवाल, पण तापाला कसं फसवाल? आजोबा लहान पोरासारखे रडले. त्यांची म्हातारी मात्र दर वेळी सुनंदासाठी डब्यात दोन भाकरी जास्त आणायची, कधी चुकली नाही.

दुसऱ्या किमोनंतर माझ्या बोटांना मुंग्या यायला लागल्या, आणि हळूहळू बोटांची टोकं बधिर झाली. औषधाचा परिणाम आहे, असं मॅडम म्हणाल्या, कमी होईल, पण वेळ लागेल. शर्टाची बटणं लावता येईनात. सुनंदा लावून द्यायची. वैशू त्या वेळी मुद्दाम दुसऱ्या खोलीत जायची, म्हणजे बापाला वाईट वाटू नये. मला त्याचंच जास्त वाईट वाटायचं. एकदा तर हातातला गरम चहाचा कप किती गरम आहे ते कळलं नाही आणि तळहाताला फोड आला. तरी माझ्या डोक्यात उजेड पडला नाही. कापूस पाहणारा हात तो, जाईल कुठं, असंच मी धरून चाललो होतो.

चहानंतरचा आकडा

दुसऱ्या किमोच्या बाराव्या दिवशी सुनंदानं माझ्या जिभेखाली थर्मामीटर ठेवलं, आकडा आला एकशे एकच्या वर. शेजारच्यांची गाडी, दोन पिशव्या, रडणारी वैशू, असं सगळं गोळा करून आम्ही अकोल्याला पोचलो. तिथं मोजलं तर अठ्ठ्याण्णव पॉइंट चार. रक्त तपासलं, तेही ठीक. मग सिस्टरनं विचारलं की मोजायच्या आधी काही घेतलं होतं का. मी चहा घेतला होता, कडक गरम, पाचच मिनिटं आधी.

डॉक्टर म्हणाल्या, आलात ते बरं केलं, शंभर वेळा खोटं निघालं तरी चालेल, यायचंच. पण मी परत येताना सगळ्या रस्त्यानं सुनंदाला बोलत आलो. तुले मोजता येते का, गाडीवाल्याचा दिवस बुडवला, लोकं हसतीन. ती खिडकीतून बाहेर बघत होती. त्या दिवशी मी तिच्या हातातून थर्मामीटर काढून घेतल्यासारखंच झालं. हे मला आज कळते.

सकाळी दहा

तिसऱ्या किमोनंतरचा दहावा दिवस. मे महिना. आमच्याकडचा मे म्हणजे घरात भिंतीसुद्धा तापलेल्या असतात, म्हणून सकाळपासून कूलर लावलेला. मी कूलरसमोर खाटेवर पडलेला, डोक्यावर ओला टॉवेल. वैशू कॉलेजला गेली होती.

सुनंदा पाणी द्यायला आली, माझ्या मानेला हात लावला आणि थांबली.

'तुमाले ताप हाय जी. अंग चटके देऊन राह्यलं.'

मी टॉवेल बाजूला केला, स्वतःच्या कपाळाला हात लावला. काहीच लागलं नाही. गरमही नाही, थंडही नाही. बधिर बोटांना काय लागणार? पण मला वाटलं, ताप नाही. मग बंदूक घेतली आणि त्याच ओल्या कपाळावर, कूलरच्या वाऱ्यात, टक् केली. सत्त्याण्णव पॉइंट दोन. तिला दाखवली.

तिनं माझं ऐकलं नाही. कागदामागं लिहिलं होतं तसं काख कोरडी पुसली, थर्मामीटर लावलं, माझा हात स्वतःच्या हातानं दाबून धरला. आवाज झाल्यावर पाहिलं, शंभर पॉइंट नऊ. तिनं पुन्हा लावलं. एकशे एक.

'आपुन आत्ताच निंगू,' ती म्हणाली. 'एकडाव फोन तरी करू द्या मॅडमले.'

मला भीती वाटत होती. हे खरं कारण आहे आणि मी ते लपवणार नाही. पुन्हा तो वॉर्ड, पुन्हा सुई, आणि या वेळी खरंच काही निघालं तर? ताप नाही असं ठरवलं की काहीच नव्हतं. पण भ्यालो असं बायकोला सांगायचं कसं? म्हणून मी चिडलो.

'मागल्या खेपीले बी असंच केलं तू. तीस वर्सं झाले मले हात घालून, मले समजत नाही अन् तुले समजते? गप बस.'

ती गप बसली. ती भ्याली नव्हती, लाजली होती. मागच्या वेळी मी तिला रस्ताभर जे बोललो होतो त्यानं तिचा स्वतःच्या आकड्यावरचा भरवसाच मोडला होता. ती स्वयंपाकघरात गेली. दर थोड्या वेळानं दारात येऊन पाहायची आणि मी डोळे मिटून घ्यायचो.

दुपारी दोन वाजता हुडहुडी भरली. खाट वाजायला लागली इतकी. तीनला वैशू आली तेव्हा मी तिला माझ्या बहिणीच्या नावानं हाक मारली, म्हणतात. मला आठवत नाही. पोरीनं कोणाला विचारलं नाही. सरळ गाडी बोलावली.

मास्क

अकोल्याला पोचेपर्यंत बीपी लागत नव्हतं. पुढचं मला तुकड्या-तुकड्यानं आठवते. तोंडावर मास्क होता, दोन्ही हातांत सुया होत्या, आणि पायथ्याशी मॅडम उभ्या होत्या. त्यांनी सुनंदाला विचारलं, ताप कधीपासून आहे?

सुनंदा म्हणाली, 'दुपारी चढला जी. सकाळी मीनं मोजलाच नाही. माह्यीच चुकी झाली.'

मॅडम फार बोलल्या तिला. सगळ्यांसमोर. लाल पेनानं लिहून दिलं होतं, तुमच्या नवऱ्याचा जीव आहे हा, एवढंही लक्ष ठेवता येत नाही? त्यांचं काही चुकलं नाही, त्यांना जे सांगितलं त्यावर त्या बोलल्या. सुनंदा मान खाली घालून पदराचं टोक पिळत होती. मला सगळं ऐकू येत होतं. मी मास्कच्या आतून 'नाही' म्हणायचा प्रयत्न केला, पण आवाज निघाला नाही. हात उचलायला गेलो तर सिस्टरनं दाबून ठेवला, सुई हलेल म्हणून. जन्मभर ज्या तोंडानं मी तिला गप बसवलं, ते तोंड त्या वेळी माझ्या काही कामाचं नव्हतं.

आयसीयूत सहा दिवस होतो. रोज एकदा सुनंदाला आत सोडायचे. ती यायची, पायाला हात लावून पाहायची, आणि सिस्टरला विचारायची की आज किती आहे. चौथ्या दिवशी सिस्टरनं शंभरच्या खालचा आकडा सांगितला तेव्हा तिनं तो तीनदा विचारला. मग माझ्याकडे पाहून नुसती मान हलवली. नंतर एकदा मी तिला विचारलं, खोटं काऊन बोलली? ती म्हणाली, तुम्ही ऐकत नाही असं समजलं असतं तर त्याईनं तुमच्यावर राग धरला असता. बिमार माणसावर डॉक्टरचा राग नको.

आता

उरलेल्या तीन किमो झाल्या. बंदूक मी जिनिंगच्या कपाटात परत ठेवून आलो. घरात आता एकच थर्मामीटर आहे आणि ते सुनंदाच्या ताब्यात आहे. दोन-तीन यंत्रं ठेवू नका, माणूस आपल्याला आवडेल तो आकडा निवडतो. दर वेळी एकाच जागी मोजा आणि वेळ लिहा. ओली पट्टी, कूलर, आंघोळ, चहा यांनंतर लगेच मोजू नका. बॅटरी उतरली की अक्षरं पुसट दिसतात, तेव्हाच बदला. आणि आजारी माणसाला स्वतःचा ताप स्वतः ठरवू देऊ नका. त्याला घरीच राहायचं असते, तो सत्त्याण्णवच म्हणेल.

कापसाचा ढीग वरवर पाहून भाव करणाऱ्याला मी तीस वर्षं हसत आलो. स्वतःच्या अंगाचं मात्र वरवरच पाहिलं.

शेवटची भेट

नव्या कापसाच्या गाड्या सुरू झाल्या त्याच सुमारास माझा स्कॅन झाला. स्वच्छ निघाला. मॅडम खुशीत होत्या. फाइल चाळता चाळता म्हणाल्या, मे महिन्यात मात्र तुम्ही आम्हाला घाबरवलं होतं, बाईंनी ताप वेळेवर पाहिला असता तर तेही टळलं असतं.

सुनंदानं माझी बाही ओढली. मी तरी बोललो. तिनं दोनदा मोजला होता, फोन करू म्हणाली होती, मी तिला गप बसवलं, आणि इथं तिनं माझी चुकी स्वतःवर घेतली, असं सगळं सांगितलं. मॅडमनी पेन खाली ठेवलं. सुनंदाला म्हणाल्या, मी त्या दिवशी तुम्हाला नको ते बोलले. सुनंदा म्हणाली, नाही जी, तुमचं बरोबरच होतं. आणि पिशवी उचलून बाहेर निघाली.

मी मागं-मागं गेलो. ती भराभरा चालत होती. दवाखान्याच्या पायऱ्यांवर थांबली आणि वळली. मला वाटलं आता म्हणेल, सांगायची काय गरज होती.

'मी दहालेच म्हनलं होतं जी,' ती म्हणाली. 'दहा वाजले होते. मीनं घड्याळ पाह्यलं होतं.'

सहा महिन्यांत तिनं हे एकदाही म्हटलं नव्हतं. आयसीयूच्या बाहेर नाही, घरी नाही, मी चिडचिड करायचो तेव्हासुद्धा नाही.

'हाव,' मी म्हणालो. 'तू दहालेच म्हनलं होतं.'

ती तिथंच पायरीवर बसली आणि तोंडाला पदर लावून रडली. येणारे-जाणारे पाहत होते. लोकं पाहून राह्यले, उठ, असं म्हणायचं माझ्या तोंडावर आलं होतं. म्हटलं नाही. ती आपल्या मनानं उठेपर्यंत मी तिच्या बाजूला उभा राहिलो.